वाई नगरीत आपलं स्वागत

रसायनशास्त्राच्या प्राध्यापक बंधुभगिनींनो,

स्वागत समितीच्या वतीने बोलायला मला दहा मिनिटं दिली आहेत. वाईकराला तेवढी घाट उतरायलाच लागतात. ढोल्या गणपतीचं दर्शन चुकवू नका. गणपतराव रास्त्यांनी १७६२ मध्ये बांधलेल्या या देवळाची मागची भिंत माशाच्या आकाराची आहे. कृष्णेच्या पुराचं पाणी तिच्यावर दुभंगतं.

पण आमचा खरा अभिमान प्राज्ञपाठशाळा. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री सर्वांना ठाऊक. त्यांचे गुरू नारायणशास्त्री मराठे, म्हणजे पुढचे केवलानंद सरस्वती, कोण होते हे मात्र वाईतही पन्नाशीच्या आतल्या कुणाला विचारू नये! विनोबा त्यांच्यापाशी शिकायला आले होते. मीमांसाकोशाचे सात खंड त्यांचे. शिष्याने तोच वसा मराठी विश्वकोशात चालवला. त्याचा पहिला खंड १९७६ साली निघाला. रसायनशास्त्राशी वाईचं नातं म्हणाल तर विश्वकोशातल्या नोंदींपुरतं.

आणि डांबरगोळ्यांपुरतं. आमच्या पोथ्यांच्या कपाटात त्या असायच्या, नॅप्थॅलीनच्या. मी हळदीचा व्यापारी, पण कॉलेजच्या सरांनी पेढीवर बसून सांगितलं ते असं: नॅप्थॅलीनचं नायट्रेशन केलं की नायट्रो गट मुख्यतः पहिल्या कार्बनवर बसतो, दुसऱ्यावर नाही. साध्या हिशेबात पाय इलेक्ट्रॉनांची घनता तर दोन्हींकडे सारखीच. मग हा पक्षपात का? १९५२ मध्ये क्योटोच्या केनिची फुकुई आणि सहकाऱ्यांनी उत्तर दिलं: सगळी बेरीज पाहू नका, सर्वांत वरच्या भरलेल्या ऑर्बिटलमधली जोडी कुठे दाट आहे ते पाहा. त्या दोन इलेक्ट्रॉनांपैकी पहिल्या कार्बनच्या वाट्याला सुमारे ०.३६ येतात, दुसऱ्याच्या ०.१४. नायट्रोनियम आयनाचं रिकामं ऑर्बिटल याच जोडीशी जुळतं. मला हे लगेच पटलं. तिजोरीत कितीही असो, व्यवहार गल्ल्यातल्या पैशावर होतो. फुकुईंना १९८१ चं नोबेल मिळालं, रोआल्ड हॉफमन यांच्यासह.

आता उणिवा. मंगल कार्यालयात गरम पाणी पहाटे लवकर उठणाऱ्यांनाच मिळेल. डास आहेत. प्रोजेक्टर उसना आहे, त्याला जपा. गूळ, तांदूळ देणारे अडते, मांडववाले, गाद्या पुरवणारे, रात्री दोनपर्यंत खुर्च्या लावणारी तरुण मंडळाची पोरं, आचारी आणि नाव सांगू नका म्हणणारे ते देणगीदार, सर्वांचा मी ऋणी आहे.

वीज गेली तर जनरेटर सुरू होईस्तोवर वक्त्यांनी आवाज चढवावा. दुपारी पहिली पंगत पाहुण्यांची. कूपन बरोबर ठेवा आणि स्थानिक मंडळींनी कृपया थांबावं.