खाचरातली शर्यत

आमच्या शहापूर-मुरबाडकडे भातकापणी उरकली की खाचरं मोकळी होतात. पावसाळ्यात चिखलात राबलेले बैल आता शर्यतीला जुंपायचे. मग कुठे माळ साफ होतो, कुठे बांध सपाट करून सरळ धाव आखली जाते. खेळ असा जमिनीचं रूपच पालटतो.

पौष पौर्णिमेला मुरबाडजवळच्या म्हसा गावी खांबलिंगेश्वराची यात्रा भरते. बैलांचा बाजार ही तिची मोठी ओळख. मे २०१४मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शर्यतींवर बंदी घातली. नांगराची जागा यंत्रं घेतच होती. त्यात शर्यतही गेली. मग बैल पोसायचा कशासाठी, हा प्रश्न गोठ्यागोठ्यात उभा राहिला.

डिसेंबर २०२१मध्ये अटींसह परवानगी मिळाली आणि मे २०२३मध्ये घटनापीठाने राज्याचा कायदा वैध ठरवला. धाव १,००० मीटरांच्या आत हवी; काठी, चाबूक, विजेचा धक्का चालणार नाही. काहींना या अटी जाचक वाटतात. मला मात्र वाटतं, बैल थकलेला दिसताच जू उतरवणारा मालकच ही शर्यत टिकवील. गोठा भरलेला राहावा म्हणून शर्यत हवी असेल, तर आधी बैलाच्या जिवाची कदर हवी.