हडपसरची लढाई आणि शाळेची दोन पुस्तकं

(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यातील भाषणाचा मजकूर)



संयोजकांनी मला सांगितलं, "शाळेच्या आठवणी सांग, दहा मिनिटं घे." पण सकाळपासून छड्या, चिंचा, गळकं छप्पर आणि जिते स्टेशनवर चुकलेली गाडी हे सगळं सांगून झालंय. माझ्यासाठी कोणी काही शिल्लक ठेवलेलं नाही. म्हणून मी आज दोन पुस्तकांबद्दल बोलणार आहे. ती या टेबलावर आहेत. दोन्हींवर आपल्या शाळेच्या वाचनालयाचा शिक्का आहे. कशी काय, ते शेवटी सांगतो.

दोन्ही पुस्तकं ना. सं. इनामदारांची. एक 'झुंज', दुसरं 'मंत्रावेगळा'. 'झुंज'चा नायक यशवंतराव होळकर, 'मंत्रावेगळा'चा नायक दुसरा बाजीराव. गंमत अशी की हे दोघे एकमेकांचे वैरी, आणि लेखक एकच. आमच्या घरी 'झुंज' मी आणली आणि 'मंत्रावेगळा' दादाने. आमचा दादा याच शाळेचा, माझ्या तीन वर्षं पुढे. मी होळकरांच्या बाजूचा झालो आणि तो पेशव्यांच्या. जेवताना भांडायचो. आई म्हणायची, मेलेल्या माणसांसाठी भात गार करू नका.

भांडण मुख्यतः एका दिवसाचं होतं. २५ ऑक्टोबर १८०२, दिवाळीचे दिवस, पुण्याजवळ हडपसर. ही लढाई आपल्या पाठ्यपुस्तकात एका ओळीत आटोपली होती. पानिपतावर धडा होता, कारण तिथे समोर परका होता. हडपसरला दोन्ही बाजूंना मराठे होते. एकीकडे होळकर, दुसरीकडे पेशव्यांची आणि शिंद्यांची फौज. स्वतः दौलतराव शिंदे तिथे नव्हता. त्याचा सरदार सदाशिवराव भास्कर लढत होता. कवायती पलटणींवर दोन्हीकडे गोरे अधिकारी होते. शिंद्यांकडचा डॉस त्या दिवशी पडला आणि होळकरांकडचा हार्डिंगही पडला. होळकरांचे घोडेस्वार मागे हटू लागले तेव्हा यशवंतराव स्वतः पुढे घुसला आणि लढाई फिरली. सकाळी तोफा सुरू झाल्या आणि दुपारपर्यंत निकाल लागला. आज तिथे उड्डाणपूल आणि आयटीची ऑफिसं आहेत. माझा भाचा तिथेच नोकरी करतो. त्याला मी हे सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "मामा, तिथे अजूनही सकाळी साडेनऊलाच सुरू होतं, पण ट्रॅफिक दुपारी संपत नाही."

आता ही लढाई कोणी लावली? इथे पुस्तकं वेगळी होतात. ग्रँट डफचा इतिहास १८२६चा. पेशवाई बुडून आठ वर्षं झाली होती, आणि तो स्वतः सातारला इंग्रजांचा रेसिडेंट होऊन गेलेला. कागदपत्रं त्याने पुष्कळ पाहिली, पण लिहिताना तो जिंकलेल्या बाजूचा माणूस होता. मराठीत त्याच्यावर पहिली खरमरीत टीका केली ती नीळकंठ जनार्दन कीर्तने यांनी, तेही विद्यार्थी असताना. आपल्या नववीतल्या मुलांना हे मुद्दाम सांगतो. मग सरदेसायांची 'रियासत'. एकेक घटना, एकेक पत्र. वाचायला जड, पण एकदा त्यात शिरलं की बाहेर पडवत नाही. दिवा-रोहा गाडीत मी ती दोन वर्षं वाचली. पेणला उतरायचं ते कासूला उतरलो, असं दोनदा झालं.

'रियासत' वाचल्यावर माझी पंचाईत झाली. होळकरांच्या बाजूने बघावं, तर एप्रिल १८०१ मध्ये बाजीरावाने यशवंतरावाच्या भावाला, विठोजीला, पुण्यात हत्तीच्या पायी दिलं. भाऊ असा मारल्यावर कोण गप्प बसेल? पेशव्यांच्या बाजूने बघावं, तर विठोजी मुलूख लुटत फिरत होता. त्याच्या मागे जावं, तर १७९७ येतं. तुकोजी होळकर वारले, मागे चार मुलगे. थोरल्या काशीरावाने धाकट्या मल्हाररावाशी भांडण मिटवायला शिंद्यांना बोलावलं. शिंद्यांच्या फौजेने पुण्यातच मल्हाररावाच्या तळावर छापा घातला आणि त्याला मारलं. त्याचं तान्हं मूल, खंडेराव, शिंद्यांच्या ताब्यात गेलं. ते सोडवा, ही यशवंतरावाची एक मागणी होती. म्हणजे हडपसरच्या तोफेची वात पाच वर्षं आधी पेटली होती, आणि ती एका घरातल्या भावाने पेटवली होती.

लढाईनंतर काय झालं, ते तर आपल्याच भागात झालं, आणि आपल्याला कोणी सांगितलं नाही. बाजीराव पुण्यातून सिंहगडावर गेला. तिथून घाट उतरून रायगड, महाड. महाडहून सुवर्णदुर्ग. तिथून गलबताने रेवदंडा आणि पुढे वसई. पुण्याचा पेशवा आपल्या किनाऱ्याने पळत होता. इकडे होळकराने आधी शहराला त्रास होऊ नये म्हणून चौक्या बसवल्या, पेशव्याला परत या म्हणून निरोप धाडले. तो येईना. तेव्हा अमृतरावाला पुण्यात आणलं. पुढे पैसे संपले आणि पुणेकरांची नागवण सुरू झाली. त्यानंतरच्या सालात देशावर जो दुष्काळ पडला, त्यात फौजांनी उजाड केलेल्या मुलखाचा वाटा मोठा होता. हे माझ्या लाडक्या 'झुंज'च्या नायकाचं काम. तेव्हा दादाला हे मी कबूल केलं नव्हतं. आज करतो.

आणि मग ३१ डिसेंबर १८०२, वसईचा तह. मी आयुष्यभर हिशेबनीस होतो. मला लढाईपेक्षा तहाची कलमं वाचायला आवडतात. इंग्रजांची सहा हजारांची पायदळ फौज पेशव्याच्या मदतीला कायमची राहणार. तिच्या खर्चासाठी सव्वीस लाख उत्पन्नाचा मुलूख पेशव्याने तोडून द्यायचा. निजाम आणि गायकवाड यांच्याशी पेशव्याचे जे वाद असतील, त्यांचा निवाडा इंग्रज करणार. दुसऱ्या कोणाशी बोलणी करायची तर आधी इंग्रजांना विचारायचं. मे १८०३ मध्ये बाजीराव इंग्रजी फौजेच्या सोबतीने पुण्यात परत गादीवर बसला. सप्टेंबरमध्ये असईला शिंदे-भोसले हरले, होळकर बाजूला राहिला. पुढच्या वर्षी होळकर एकटा लढला, तेव्हा शिंदे बाजूला होते. १८१८ मध्ये सगळंच संपलं. हडपसरच्या वेळी पुण्याच्या रेसिडेन्सीत क्लोजच्या हाताखाली एक तेवीस वर्षांचा पोरगा होता, एलफिन्स्टन. पेशवाईचा शेवट झाला तेव्हा पुण्याचा रेसिडेंट तोच होता.

हे सगळं मला पाठ होतं. तरी मी काय केलं ते ऐका. इथे बसलेल्या जितेकरांना अर्धं माहीत आहे, उरलेलं अर्धं मी सांगतो.

बाबा गेल्यावर आमचं हायवेच्या बाजूचं शेत सामाईक राहिलं. वाटणीवरून माझं आणि दादाचं फिसकटलं. कारण इतकं क्षुल्लक की सांगायला लाज वाटते. बांध कुठे, आंब्याचं झाड कोणाचं. मला वाटायचं, दादाने आधी मोजणी अडवली. त्याला वाटायचं, मी आधी तलाठ्याकडे अर्ज केला. दोघांकडे तारखा होत्या. मी तर वहीत टिपणं ठेवली होती, अगदी बखरीसारखी, आणि तिच्यात मी कुठेच चुकत नव्हतो.

मग मी एका एजंटाकडे गेलो. तो म्हणाला, "भाऊ, वकिलाचं, कोर्टाचं सगळं मी बघतो. तुम्ही खिशातून एक रुपया काढू नका. फक्त रस्त्याकडचे चार गुंठे माझ्या नावाने साठेकरार करून द्या, आणि एक कुलमुखत्यारपत्र." मी सही केली. पुस्तकांचं कपाट डोक्यामागे, आणि सही केली. वसईच्या तहाची कलमं पाठ असलेला माणूस मी! हिशेबनीस असून मी एवढंही पाहिलं नाही की तो खर्च किती करणार आणि चार गुंठ्यांची किंमत किती.

पुढच्या पावसाळ्याआधी रस्त्याकडे भराव पडला, तारेचं कुंपण आलं. पलीकडे शेतात ट्रॅक्टर न्यायचा तर त्याच्या माणसाला विचारावं लागायचं. मलाही, दादालाही. दादा कुंपणापाशी उभा राहून एवढंच म्हणाला, "मी बाजीरावाच्या बाजूचा होतो. पण बाजीराव तू निघालास." त्यानंतर अकरा वर्षं आम्ही बोललो नाही. गणपतीत आरतीला तो पुढच्या पडवीत आणि मी मागच्या. मूर्ती मात्र एकच, आपल्या हमरापूरचीच, कारण दोघांनाही दुसरीकडची आवडत नाही.

ते चार गुंठे परत आलेले नाहीत. येणारही नाहीत, असं वकील म्हणतात. बाकी शेत गेल्या वर्षी आम्ही दोघांनी एकत्र मोजून घेतलं. आंब्याचं झाड दोघांच्या हद्दीत निम्मं-निम्मं आलं. आंबे यंदा वहिनीने वाटले, त्यावर मी काही बोललो नाही.

तर, ही पुस्तकं. घराची वाटणी झाली तेव्हा कपाट दादाकडे गेलं आणि 'मंत्रावेगळा' त्याच्याबरोबर. 'झुंज' माझ्या उशाशी होती म्हणून माझ्याकडे राहिली. दोन्ही मुळात शाळेची. आम्ही घरी नेली आणि परत केलीच नाही. मेळाव्याचं कळल्यावर मी दादाला फोन केला. काल रात्री त्याने पुतण्याबरोबर 'मंत्रावेगळा' पाठवलं. वर्तमानपत्राचं कव्हर घातलंय आणि समासात पेन्सिलीने त्याची टिपणं आहेत. हडपसरच्या पानावर त्याने लिहिलंय, "हे धाकट्याला दाखवणे." तारीख नाही. कधी लिहिलं ते मी विचारलेलं नाही.

वाचनालयाच्या बाईंना विनंती आहे की दोन्ही पुस्तकं शेजारी-शेजारी ठेवावीत. कार्डावर परत करायची तारीख फेब्रुवारी १९८१ आहे. दंड किती होतो ते सांगा. निम्मा मी आत्ता भरतो. निम्मा दादा भरेल, तो तिसऱ्या रांगेत कडेला बसलाय.