घरांतील हवा आणि गाळणी-यंत्राची पारख

सोलापूर शहराची ओळख फार दिवस गिरण्यांच्या धुराड्यांवरून होत असे. एकोणिसाव्या शतकाच्या आठव्या दशकांत मोरारजी गोकुळदास यांच्या पुढाकारानें येथें पहिली कापडगिरणी निघाली. तीच पुढें ‘जुनी गिरणी’ या नांवानें प्रसिद्धीस आली. तिच्या पाठोपाठ नरसिंग गिरजी, लक्ष्मी, विष्णु या गिरण्या आल्या. त्या आतां बंद पडल्या आहेत. भोंगे थांबले, धुराडीं विझलीं. धूर गेला तेव्हां हवा निर्मळ झाली असेल, असें कोणासहि वाटेल. परंतु घडलें तें निराळेंच. २०१९ च्या जानेवारींत केंद्र सरकारनें राष्ट्रीय शुद्ध हवा कार्यक्रम सुरू केला, तेव्हां हवेची ठरलेली मर्यादा पांच वर्षें सतत ओलांडणाऱ्या शहरांच्या यादींत सोलापूरचें नांव होतें.

या दोषाचें मूळ मुख्यतः धुळींत आहे. येथील हवा कोरडी, पाऊस बेताचा, माती वाऱ्यावर सहज उठणारी. त्यांत रस्त्यांची खोदाखोदी, इमारतींचीं कामें आणि वाहनांची वर्दळ. संक्रांतीच्या सुमारास सिद्धेश्वराचा गड्डा भरला म्हणजे होम मैदानावरील धूळ अंगावर घेऊन घरीं परतणें सोलापूरकराला नवें नाहीं. असल्या धुळीचें मोजमाप मायक्रॉन या परिमाणानें करतात. एका मिलिमीटरचे हजार भाग केले म्हणजे त्यांतील एक भाग तो मायक्रॉन; माणसाच्या डोक्याचा केस साधारण ५० ते ७० मायक्रॉन जाड असतो. १० मायक्रॉनपर्यंतचे कण श्वासाबरोबर छातींत शिरतात, आणि अडीच मायक्रॉनपर्यंतचे कण फुप्फुसाच्या अगदीं शेवटच्या कोशांपर्यंत पोंचतात. भारतांत २००९ सालीं ठरलेल्या मानकांप्रमाणें पहिल्या जातीच्या कणांची वार्षिक सरासरी दर घनमीटर हवेंत ६० मायक्रोग्रॅमहून, व दुसऱ्या जातीच्या कणांची ४० हून अधिक असूं नये. जागतिक आरोग्य संघटनेनें २०२१ सालीं आपल्या शिफारशींत हेच आंकडे १५ व ५ इतके खालीं आणले.

रस्त्यावरची हवा सुधारणें हें महानगरपालिकेचें व सरकारचें काम. घरांतील हवेचा प्रश्न गृहस्थापुढें उभा राहतो तो बहुधा मुलाला दमा जडला म्हणजे, किंवा वृद्ध वडिलांचा खोकला रात्रभर थांबेनासा झाला म्हणजे. अशा वेळीं मन घाबरें झालेलें असतें, आणि घाबरलेल्या गिऱ्हाइकाला विकणें सोपें असतें. हवा शुद्ध करणारीं यंत्रें आतां दुकानांत व घरपोंच मिळतात. तीं भाड्यानें देणारे, दरमहा वर्गणी घेऊन गाळण्या बदलणारे, घराची हवा तपासून देऊं म्हणणारे, असा एक नवा धंदा उभा राहिला आहे. हा धंदा खोटा नव्हे. परंतु त्यांत खरें काय विकलें जातें, हें घेणाऱ्यास ठाऊक असावें.

त्यासाठीं आधीं एक साधें गणित पाहणें बरें. शांत खोलींत पाण्याइतक्या घनतेचा १० मायक्रॉनचा कण सेकंदास सुमारें ३ मिलिमीटर वेगानें खालीं येतो. माणसाच्या उंचीवरून जमिनीवर यावयास त्याला १० मिनिटें पुरतात, आणि मातीचा कण तर त्याहूनहि लौकर बसतो. अडीच मायक्रॉनच्या कणाला तेवढ्याच अंतरास अडीच तासांच्या आसपास लागतात. एक मायक्रॉनचा कण मात्र अर्धा दिवस उलटला तरी हवेंतच तरंगत असतो. याचा अर्थ असा कीं, टेबलावर बोटानें रेघ ओढतां येईल अशी जी जाड धूळ पाहून गृहिणी त्रासते, ती यंत्राच्या तोंडाशीं जाण्यापूर्वींच बहुतेक खालीं बसलेली असते. तिचा उपाय म्हणजे ओलें फडकें, दाराशीं जाड पायपुसणें, आणि रस्त्याकडील खिडकीला बारीक जाळी. केरसुणीनें कोरडें झाडणें म्हणजे निजलेल्या धुळीस हांक मारून उठविणें होय. गाळणी-यंत्राचा खरा उपयोग आहे तो न दिसणाऱ्या बारीक कणांवर, म्हणजे मुख्यतः धुरावर.

आणि धूर तर पुष्कळदां घरांतच जन्म घेतो. बंद खोलींत लावलेली डासांची एक कासवछाप वळी जळून संपेपर्यंत ७५ ते १३७ सिगारेटींइतके बारीक कण हवेंत सोडते, असें २००३ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनांत आढळलें. उशाशीं वळी आणि पायथ्याशीं हवा शुद्ध करणारें यंत्र, असा संसार कांहीं घरांत चालतो. तेथें मच्छरदाणी विकत आणली तर दोन्ही खर्च वांचतील. देवघरांतील उदबत्ती व धूप, स्वयंपाकघरांतील फोडणी, हींहि याच जातीचीं. फोडणीच्या वेळीं चालणारा व हवा खरोखर बाहेर टाकणारा पंखा हा त्यावर यंत्राहून सरस उपाय आहे. कांहीं ‘चिमण्या’ हवा बाहेर न टाकतां आंतल्या आंत फिरवितात. विकत घेतांना तिला बाहेर जाणारा नळ आहे कीं नाहीं, एवढें विचारलें म्हणजे पुरे.

सोलापुरांत कित्येक घरें हेंच कामाचें ठिकाण आहे, ही गोष्ट मोठ्या शहरांतील जाहिरातदारांस ठाऊक नसते. पूर्व भागांत मागाचा खटखटाट चालतो त्याच छपराखालीं मुलें अभ्यास करतात, आणि कापसाचे तंतु अंथरुणावर येऊन बसतात. सुताच्या धुळीनें होणाऱ्या छातीच्या विकाराची एक खूण अशी कीं, आठवड्याच्या सुटीनंतर कामाच्या पहिल्या दिवशीं छाती आवळल्यासारखी होते. ती खूण दिसली तर यंत्राच्या दुकानाकडे न जातां डॉक्टरकडे जावें. तीच गोष्ट विडीची. २००६ सालीं कुंभारी येथें विडी कामगार स्त्रियांसाठीं गोदूताई परुळेकर यांच्या नांवानें १० हजार घरांची वसाहत उभी राहिली, हें सोलापूरचें भूषणच. परंतु सुपांत तंबाखू घेऊन जेथें विड्या वळल्या जातात तेथेंच घरचीं माणसें जेवतात व निजतात. अशा घरांना महागडी गाळणी विकूं पाहणाऱ्यानें आधीं सूप ओसरीवर नेण्याचा सल्ला दिला, तर तो प्रामाणिक मनुष्य समजावा.

हें सारें करूनहि दमेकऱ्याच्या खोलींत बारीक कण उरतात, आणि तेथें यंत्र घेणें योग्य ठरतें. या यंत्रांतील मुख्य गाळणीस ‘हेपा’ म्हणतात. दुसऱ्या महायुद्धाच्या काळांत अमेरिकेंतील अणुसंशोधनाच्या गरजेंतून तिचा जन्म झाला. ती पिठाच्या चाळणीसारखी नसते. अति सूक्ष्म कण हवेच्या रेणूंचे धक्के खात वेडेवांकडे भटकतात व तंतूंना चिकटतात. मोठे कण सरळ जाऊन तंतूंवर आदळतात. मधले, ०.३ मायक्रॉनच्या सुमाराचे, दोन्ही तडाख्यांतून निसटूं पाहतात. म्हणून गाळणीची परीक्षा त्यांच्यावरच घेतात. वर्गांतील सर्वांत द्वाड मुलगा शांत बसला म्हणजे बाकीचे बसलेच, असा हा न्याय आहे. असल्या दहा हजार कणांपैकीं तीनहून अधिक निसटूं नयेत, ही खऱ्या हेपाची कसोटी. ‘हेपा’ आणि ‘हेपा टाइप’ या दोन शब्दांत रेशीम आणि रेशमासारखें इतकें अंतर आहे, हें सोलापूरच्या माणसाला अधिक सांगणें न लगे.

गाळणी उत्तम, पण पंखा दुबळा, तर उपयोग नाहीं. यंत्र मिनिटास किती स्वच्छ हवा देतें, तो आंकडा सीएडीआर या नांवानें खोक्यावर छापलेला असतो. १२ फूट लांब, १० फूट रुंद व १० फूट उंच अशा खोलींत १,२०० घनफूट हवा असते. ती तासांत पांच वेळां गाळली जावी म्हटलें तर मिनिटास १०० घनफूट, म्हणजे तासास सुमारें १७० घनमीटर, एवढी शक्ति हवी. छापलेला आंकडा सर्वांत मोठ्या वेगाचा असतो. रात्रीं आवाज सोसत नाहीं म्हणून वेग कमी केला कीं तोहि घटतो. यास्तव खोलीच्या मानानें यंत्र थोडें मोठेंच असावें. ४० वॅटचें यंत्र दिवसरात्र चाललें तर विजेचें सुमारें एक युनिट दररोज जळतें. तो खर्च भारी नाहीं.

उन्हाळ्यांतला घोटाळा मात्र खास आपल्या बाजूचा आहे. एप्रिल-मे महिन्यांत घरोघरीं कूलर लागतात. कूलर बाहेरची हवा आंत ढकलतो आणि त्यासाठीं खिडकी उघडी ठेवावी लागते; त्याच्या ओल्या गवताच्या किंवा कागदी जाळींतून बारीक कण सहज निघून येतात. त्याच खोलींत गाळणी-यंत्र चालविणें म्हणजे फुटक्या रांजणांत पाणी भरणें. उलट, भिंतीवरचें वातानुकूलन यंत्र आंतलीच हवा फिरवितें. त्यासोबत गाळणी चालते, परंतु कोंडलेली हवा बदलण्यासाठीं मधून मधून खिडकी उघडावीच लागते. परदेशी जाहिरातींतील हवेचे नळ साफ करण्याची सेवा येथील घरांत कामाचीच नाहीं, कारण तसले नळच येथें नसतात.

विकणाऱ्याच्या तोंडून ‘आयन’, ‘ओझोन’, ‘ताजेपणा’ हे शब्द आले कीं सावध व्हावें. ओझोन हा छातीला झोंबणारा वायु आहे. कॅलिफोर्निया राज्यानें तर घरगुती यंत्रांतून निघणाऱ्या ओझोनला दहा कोटी भागांत पांच भाग अशी कायद्यानें मर्यादा घातली आहे. कुंड्यांनीं हवा शुद्ध होते ही समजूतहि गोड, पण पोकळ. १९८९ सालीं नासा संस्थेनें बंद पेटींत केलेल्या प्रयोगांतून ती पसरली. २०१९ सालीं अशा प्रयोगांचा हिशेब पुन्हां मांडला गेला, तेव्हां खिडकी उघडण्याइतका परिणाम साधण्यास जमिनीच्या दर चौरस मीटरला १० पासून १,००० पर्यंत झाडें लागतील असें निघालें. एवढीं झाडें ठेवल्यावर माणसांनीं राहावें कोठें?

सर्वांत गंभीर बाब वायूंची आहे. हेपा गाळणी कण धरते, वायु धरीत नाहीं. कोळशाची पातळ चकती कांहीं वास शोषते व लौकरच भरून जाते. न्हाणीघरांतील गॅसच्या गीझरमधून निघणारा कार्बन मोनॉक्साइड तर कोणत्याहि घरगुती गाळणीनें थांबत नाहीं. त्याला रंग नाहीं, वास नाहीं, आणि बंद न्हाणीघरांत तो कांहीं मिनिटांत माणसाचा प्राण घेतो. असा गीझर न्हाणीघराबाहेरच बसवावा व झरोका कधींहि बुजवूं नये. ‘आमचें यंत्र सर्व विषारी वायु नष्ट करतें’ असें जो सांगेल, त्याला चहा देऊन निरोप द्यावा.

मग सेवा कोणाची घ्यावी? जो विकण्यापूर्वीं मोजतो, त्याची. त्यानें मापक घेऊन यावें आणि गच्चीवर, फोडणी चालू असतां स्वयंपाकघरांत, व रात्रीं निजण्याच्या खोलींत, असें तीन ठिकाणीं मोजावें. हीं लहान मापकें दमट हवेंत चुकतात; तरी दोन वेळांची तुलना करण्यास तीं पुरेशीं आहेत. नंतर दारें लावून यंत्र मोठ्या वेगानें चालवावें. बाहेरची हवा बरी असतां अर्ध्या तासांत आंकडा निदान तिसऱ्या हिश्श्याखालीं यावयास हवा. ही परीक्षा घरांत देण्यास जो तयार नाहीं, त्याच्याशीं पुढें बोलण्याचें कारण उरत नाहीं.

परंतु खरी मेख पुढेंच आहे. विक्रेता चकचकीत बटणें व रंगीत दिवे दाखवीत असतां घरांतील आजीबाई मध्येंच विचारतात, “अरे बाबा, ही जाळी मळली म्हणजे नवी कोण आणून देणार, आणि केवढ्याला?” साऱ्या संभाषणांत शहाणपणाचा प्रश्न हाच. समजा, यंत्र १२ हजारांचें आणि गाळणी अडीच हजारांची आहे. कारखानदार वर्षाची मुदत सांगतो. सोलापूरच्या धुळींत ती आठ महिन्यांतच भरली असें धरलें, तर पांच वर्षांत सात गाळण्या, म्हणजे साडेसतरा हजार रुपये. यंत्राहून गाळण्यांचाच खर्च अधिक झाला! म्हणून करारांत गाळणीची किंमत, तिचा मूळ कारखाना आणि बदलण्याची तारीख लेखी असावी. बाहेरची धुतां येणारी जाळी दर आठवड्यास घरींच साफ करावी. तेवढ्यासाठीं वर्गणी भरणें व्यर्थ होय. गाळणीची तुंबलेली घडी पाहिल्याशिवाय ती बदलूं देऊं नये, आणि बदलली असें नुसतें वहींत लिहून जाणाऱ्यास पैसे देऊं नयेत. यंत्र आलें म्हणून डॉक्टरांनीं दिलेलें औषध मात्र कोणी परस्पर थांबवूं नये.

काढलेली जुनी गाळणी गच्चीवर नेऊन झटकण्याची कित्येकांस संवय असते. आठ महिने धरून ठेवलेलें सारें त्या एका झटक्यासरशीं झटकणाऱ्याच्या व शेजाऱ्याच्या नाकांत जातें. नाकाला रुमाल बांधून ती ओल्या वर्तमानपत्रांत गुंडाळावी आणि पिशवींत बांधून घंटागाडींत द्यावी. नव्या गाळणीच्या कडेवर त्या दिवसाची तारीख शाईनें लिहावी, आणि बसविण्यापूर्वीं तिच्यावरील प्लॅस्टिकचें वेष्टन काढलें आहे ना, तें पाहावें. तें तसेंच ठेवून महिनोन् महिने यंत्र चालविणारीं घरें आहेत.