घराची किंमत आणि कर्जाची किंमत

(मुलुंड येथे पूर्व उपनगरांतील कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या भाषणाचे शब्दांकन)



आजच्या विषयाचे नाव पत्रिकेत ‘गृहकर्ज : एक आर्थिक विवेचन’ असे छापले आहे. नाव भारदस्त आहे. मी मात्र अर्थशास्त्रज्ञ नाही. एका बँकेत मी तीस वर्षे नोकरी केली, त्यांतील काही वर्षे कर्जविभागात काढली आणि उरलेला वेळ कर्मचारी संघटनेला दिला. त्यामुळे मी जे सांगणार आहे ते विवेचन कमी आणि हिशेब अधिक असेल. हिशेब कंटाळवाणा असतो, आणि सामान्य माणसाला तो कंटाळवाणा वाटावा यात कोणाचे तरी हित असते, एवढे ध्यानात ठेवून आपण तो सहन करू या.

२०२३ च्या उन्हाळ्यात आमच्या शेजारच्या इमारतीतील एक गृहस्थ माझ्याकडे आले. वय एकेचाळीस, एका कारखान्यात तंत्रज्ञ. २०२१ च्या मार्चमध्ये त्यांनी वीस वर्षांच्या मुदतीने चाळीस लाखांचे कर्ज काढले होते. व्याजदर तेव्हा सात टक्के होता आणि हप्ता ३१,०१२ रुपये. दोन वर्षांत एकही हप्ता चुकला नव्हता. कर्ज देणाऱ्या संस्थेकडून त्यांना एक पत्र आले होते. ‘आपली मुदत सुधारित करण्यात आली आहे’ एवढेच काय ते त्यात समजण्यासारखे होते. त्यांनी मला विचारले, “काका, हप्ता तोच आहे, मीही तोच आहे. मग मी पुढे चाललो आहे की मागे?”

आम्ही कागद-पेन्सिल घेऊन बसलो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रिझर्व्ह बँकेने रेपो दर चार टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला होता. त्यांचे कर्ज या दराशी बांधलेले असल्याने सात टक्क्यांचे साडेनऊ टक्के झाले. वाढ टप्प्याटप्प्याने झाली. हिशेबाच्या सोयीसाठी ती दोन वर्षांच्या अखेरीस एकदम झाली असे धरू. दोन वर्षांत त्यांनी जवळजवळ साडेसात लाख रुपये भरले होते आणि मुद्दल उरले होते अडतीस लाख तीन हजार. म्हणजे फिटले दोन लाखांहून कमी. आता या अडतीस लाखांवर साडेनऊ टक्क्यांनी महिन्याचे व्याजच होते ३०,१०५ रुपये. ३१,०१२ च्या हप्त्यातून व्याज वजा जाता मुद्दलात पडतात नऊशे सात रुपये. हप्ता तोच ठेवला तर हे कर्ज फिटायला अठरा नव्हे, सदतीस वर्षे लागतील. तोवर त्यांचे वय अठ्ठ्याहत्तर होईल. ठरलेल्या अठरा वर्षांतच ते फेडायचे तर हप्ता ३६,८०८ रुपये भरावा लागेल, म्हणजे दरमहा सुमारे ५,८०० रुपये अधिक.

ते काही वेळ गप्प बसले. नंतर त्यांनी जे सांगितले त्याकडे मी शेवटी येईन.

आता मूळ गणित पाहू. पंच्याहत्तर लाखांचे एक घर घ्या. अंधेरी किंवा घाटकोपरमध्ये राहणारे माझ्या या आकड्याला हसतील; मी तो मुद्दाम कमी धरला आहे. साठ लाख कर्ज मिळेल, पंधरा लाख पदरचे घालावे लागतील. घराची किंमत आपण पंच्याहत्तर लाख म्हणतो, परंतु मुद्रांक शुल्क व उपकर मिळून सहा टक्के, म्हणजे साडेचार लाख, नोंदणीचे तीस हजार आणि इमारत बांधून पूर्ण झालेली नसेल तर पाच टक्के वस्तू व सेवा कर, म्हणजे पावणेचार लाख. ही रक्कमही रोख उभी करायची असते. म्हणजे किल्ली हाती येण्यापूर्वीच साडेतेवीस लाख गेले. हे पैसे येतात कोठून? भविष्य निर्वाह निधीतून, आईच्या पाटल्यांतून, कोकणातल्या जमिनीच्या तुकड्यातून. कर्जाची जाहिरात करणाऱ्या फलकावर आईच्या पाटल्या कधी दिसत नाहीत.

साठ लाखांचे कर्ज, साडेआठ टक्के व्याज, वीस वर्षे. हप्ता ५२,०६९ रुपये. पहिल्या हप्त्यात ४२,५०० रुपये व्याज आणि ९,५६९ रुपये मुद्दल. वीस वर्षांत एकूण भरणा सुमारे एक कोटी पंचवीस लाख. पैकी व्याज पासष्ट लाख. इथपर्यंतचे पुष्कळांना ठाऊक असते. ज्याकडे लक्ष जात नाही ते असे की, दहा वर्षे पूर्ण झाली त्या दिवशी तुम्ही साडेबासष्ट लाख भरलेले असतात, म्हणजे घेतलेल्या कर्जापेक्षा जास्त, आणि तरीही बेचाळीस लाख देणे उरलेले असते. मुद्दल निम्म्यावर येते ते चौदाव्या वर्षाच्या अखेरीस. यात लबाडी काही नाही. चक्रवाढीचे सरळ गणित आहे. व्याज नेहमी उरलेल्या मुद्दलावर लागते आणि आरंभी मुद्दल मोठे असते, इतकेच. परंतु पाच-सात वर्षांनी नोकरी सुटली किंवा घर विकावे लागले की आजवर भरलेले पैसे गेले कोठे, असे माणूस विचारतो. त्याचे उत्तर या कोष्टकात असते, आणि हे कोष्टक सही करण्यापूर्वी फार थोड्या लोकांनी पाहिलेले असते.

“मग तीस वर्षांचे घ्या, हप्ता हलका होईल,” असा सल्ला मिळतो. हप्ता होतो ४६,१३५ रुपये. दरमहा सहा हजारांहून थोडी कमीच सुटका. त्या सुटकेसाठी एकूण व्याज पासष्ट लाखांवरून एक कोटी सहा लाखांवर जाते. हप्ता परवडतो की नाही हा प्रश्न विचारायची आपल्याला सवय लावली गेली आहे. कर्ज केवढ्याला पडते हा प्रश्न मागे राहतो.

विम्याचेही तसेच. कर्जाबरोबर दीड लाखाचा एकरकमी हप्ता असलेला विमा गळ्यात घालतात आणि ती रक्कम कर्जातच मिळवतात. विमा वाईट नाही; घरातला कमावता माणूस गेला तर तोच छप्पर राखतो. परंतु त्या दीड लाखाचे वीस वर्षांत तीन लाख बारा हजार होतात. हाच विमा वेगळा, वर्षाला हप्ता भरून घेता येतो हे काउंटरवर कोणी आपणहून सांगत नाही. मीही त्या काउंटरच्या मागे बसलो आहे. आम्हालाही उद्दिष्टे असत.

प्राप्तिकराच्या सवलतीचा मोठा गाजावाजा होतो. या उदाहरणात पहिल्या वर्षी व्याज जाते पाच लाखांहून थोडे अधिक. स्वतः राहत्या घरासाठी वजावट मिळते कमाल दोन लाखांची, आणि तीही जुन्या करपद्धतीत. नव्या पद्धतीत ती नाही.

येथे दुसरी बाजू न मांडणे अप्रामाणिकपणाचे होईल. आजचे बावन्न हजार आणि वीस वर्षांनंतरचे बावन्न हजार यांची किंमत एक नसते; पगार वाढला तर हप्ता हलका होत जातो. भाड्याने राहणाऱ्यालाही दर महिन्याला पैसे मोजावे लागतात आणि दर अकरा महिन्यांनी बिऱ्हाड हलवण्याची टांगती तलवार असते. मी स्वतः १९९० नंतरच्या दशकात पंधरा टक्क्यांच्या आसपासच्या दराने कर्ज काढून दोन खोल्या घेतल्या आणि त्याचा मला पश्चात्ताप नाही. घर घेऊ नका, असे मी सांगत नाही. मात्र ‘पगार वाढला तर’ या शब्दांवर सारा डोलारा उभा आहे, आणि कंत्राटी कामगाराला हे शब्द कोणी लिहून देत नाही.

आपल्या मुलखाला कर्जाचा इतिहास नवा नाही. १८७५ साली पुणे जिल्ह्यातील सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे जाळले आणि १८७९ साली सरकारला दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा करावा लागला. त्याहून जुना दामदुपटीचा नियम मुंबई इलाख्यातील न्यायालये मानीत असत : एका वेळी वसूल करावयाचे थकीत व्याज मुद्दलाहून अधिक असू नये. हा नियम थकलेल्या व्याजापुरता होता, वर्षानुवर्षे नियमित भरलेल्या व्याजाला तो लागू नव्हता. म्हणून आजच्या हप्त्यांविरुद्ध तो उपयोगी पडला असता असे मी म्हणणार नाही. पण व्याजाला कोठेतरी मर्यादा असावी हा विचार त्यामागे होता. बँकांच्या बाबतीत, दर जादा आहे या कारणावरून न्यायालयांनी व्यवहार पुन्हा तपासू नये अशी तरतूद बँकिंग नियमन कायद्यात १९८४ साली घालण्यात आली. २००२ च्या सरफेसी कायद्याने आणखी एक पाऊल पुढे टाकले : हप्ते नव्वद दिवस थकले की खाते अनुत्पादक ठरते आणि साठ दिवसांच्या नोटिशीनंतर, दिवाणी दावा न लावता, बँक घराचा ताबा घेण्याच्या मार्गाला लागू शकते.

आणि हे सारे कर्जाच्याच मार्गाने व्हावे असे काही ब्रह्मलिखित नव्हते. १९१५ साली रावबहादूर तालमकींच्या पुढाकाराने गावदेवीत सारस्वत मंडळींची सहकारी गृहनिर्माण संस्था उभी राहिली. पुढे गृहनिर्माण मंडळाने घाटकोपरचे पंतनगर, विक्रोळीचे कन्नमवारनगर, अंधेरीचे डी. एन. नगर अशा वसाहती उभारल्या. या वर्गातील निम्मे लोक तेथेच वाढले असतील. १९८० नंतर चारकोप-गोराईला आखलेले भूखंड अल्प उत्पन्न गटांच्या संस्थांना दिले गेले. आणि गोरेगावला मृणालताई गोरे व बाबूराव सामंत यांच्या नागरी निवारा परिषदेने नागरी जमीन कमाल मर्यादा कायद्याचा आधार घेऊन, न्यायालयात आणि रस्त्यावर लढून, दिंडोशीला हजारो कुटुंबांना घरे मिळवून दिली. तो १९७६ चा कायदा महाराष्ट्राने २००७ मध्ये गुंडाळला. जमीन बाजारात मोकळी झाली की घरे स्वस्त होतील, असे तेव्हा सांगण्यात आले होते. ती किती स्वस्त झाली हे सांगायला मुलुंडकरांना माझी गरज नाही.

व्याजदर अर्ध्या टक्क्याने उतरला की वर्तमानपत्रांत घरे परवडू लागल्याच्या बातम्या येतात. पण कर्ज स्वस्त आणि लांब मुदतीचे झाले की तोच माणूस अधिक रक्कम उचलू शकतो आणि जमिनीचा मालक व बिल्डर भाव तितका चढवू शकतात. जमीन जेथे थोडी व मूठभरांच्या हाती आहे तेथे सवलतीचा मोठा हिस्सा त्यांच्याच पदरात पडतो, असे माझे स्पष्ट मत आहे. स्वस्त घर आणि सुलभ कर्ज या दोन भिन्न मागण्या आहेत. आपल्या जाहीरनाम्यांतही त्यांची सरमिसळ झालेली मी पाहिली आहे.

आता त्या गृहस्थांनी काय सांगितले ते. त्यांच्या कारखान्यात कायम कामगारांच्या जागी कंत्राटी भरती सुरू झाली होती आणि संघटनेने निषेधाचे निवेदन तयार केले होते. यांनी त्यावर सही केली नव्हती. “मला हप्ता आहे, काका,” ते म्हणाले. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख गिरणी कामगार उतरले. ते इतके महिने टिकले याला अनेक कारणे होती. पण चाळीतल्या खोलीचे भाडे नाममात्र होते आणि गावी परतायला घर होते, हेही त्यांतले एक. एंगेल्सने १८७२ च्या सुमारास घरांच्या प्रश्नावर लिहिताना हाच मुद्दा मांडला होता : कामगाराला त्याच्या मालकीच्या झोपडीशी बांधले की तो मालकाच्या अटी नाकारू शकत नाही. मी कर्जविभागात असताना हे वाचले होते आणि अतिशयोक्ती म्हणून सोडून दिले होते. सही न केलेल्या माणसाला भ्याड म्हणणे सोपे आहे. तुमच्यापैकी जे संघटनेत आहेत त्यांनी, सभासद सभेला का येत नाहीत याची कारणे शोधताना, त्यांचा हप्ता किती आहे हेही एकदा विचारून पाहावे.

थोडे कामाचे बोलून थांबतो. ऑक्टोबर २०२४ पासून कर्ज देताना सर्व शुल्के धरून वार्षिक दर किती पडतो हे सांगणारे मुख्य तथ्यांचे विवरणपत्र देणे बंधनकारक आहे. ते मागून घ्यावे. दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा की मुदत, हे ठरवण्याचा पर्याय कर्जदाराला दिला पाहिजे आणि दर तिमाहीला उरलेल्या हप्त्यांची संख्या कळवली पाहिजे, असा रिझर्व्ह बँकेचा ऑगस्ट २०२३ चा आदेश आहे. २०२५ साली रेपो दर सव्वा टक्क्याने उतरला. तो आपल्या खात्यात उतरला काय, हे विवरणपत्रावरून तपासावे, कारण जुन्या पद्धतीच्या दराशी बांधलेल्या कर्जांना तो लाभ आपोआप मिळत नाही. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून आकारता येत नाही. साठ लाखांच्या उदाहरणात वर्षाला एकच जादा हप्ता भरला तर सुमारे सव्वातीन-साडेतीन वर्षे आणि बारा-तेरा लाख रुपये वाचतात. ज्याला बोनस मिळतो त्याला हे जमेल, ज्याला मिळत नाही त्याला मी हा उपदेश करणार नाही.

त्या गृहस्थांनी पुढे हप्ता वाढवून घेतला आणि मुदत अठरा वर्षांवर आणली. त्यांचे ताजे विवरणपत्र त्यांच्या परवानगीने मी सोबत आणले आहे. नावाचा भाग दुमडून ठेवला आहे. चहानंतर ते घेऊन बसू. ज्यांनी आपापली आणली असतील त्यांनी पेन्सिली काढून ठेवाव्यात.