वर्णभेद आणि कायद्याचा आधार

ब्रिस्टल शहरांतील बसगाड्यांवर काळ्या अथवा आशियाई माणसास नेमावयाचें नाहीं, असा तेथील बस-कंपनीचा दंडक १९६३ सालापर्यंत होता. आणि आश्चर्य असें कीं, इंग्लंडच्या तत्कालीन कायद्यानें त्यांत कांहींच गैर नव्हतें! पॉल स्टीफन्सन प्रभृतींनीं त्या वर्षीं बसवर बहिष्कार पुकारला. चार महिन्यांनीं, २८ ऑगस्ट रोजीं, कंपनीनें माघार घेतली. त्यानंतर नेमलेले, गोरे नसलेले पहिले कंडक्टर एक शीख गृहस्थ होते.

परंतु प्रत्येक अपमानिताच्या पाठीशीं असें आंदोलन कोठून उभें राहणार? त्यासाठीं कायदाच हवा. १९६५ चा पहिला कायदा सार्वजनिक स्थळांपुरताच होता. नोकरी आणि घर हीं त्याच्या कक्षेबाहेर राहिलीं. ती उणीव १९६८ सालीं पुष्कळशी भरून निघाली. १९७६ च्या कायद्यानें पीडितास स्वतः न्यायासनापुढें जाण्याचा अधिकार दिला. आणि वरून सर्वांस सारखा दिसणारा, पण एखाद्या समाजासच जाचणारा नियमही, सबळ कारण नसल्यास, भेदभाव ठरविला. याच कायद्याखालीं, फेटा बांधणाऱ्या शीख मुलास शाळेनें प्रवेश नाकारला असतां, १९८३ सालीं हाउस ऑफ लॉर्ड्सनें त्याच्या बाजूनें निकाल दिला.

आज हें संरक्षण २०१० च्या समता कायद्यांत आहे. भेदभाव करणारा आपला हेतु सहसा लिहून ठेवीत नाहीं, हें तो कायदा जाणतो. म्हणून भेदभावाचें अनुमान निघेल इतक्या गोष्टी तक्रारदारानें सिद्ध केल्या, कीं निर्दोषत्व दाखविण्याचा भार प्रतिपक्षावर पडतो. तक्रारीबद्दल सूड घेणेंही निषिद्ध आहे.

आपल्याकडील अनेक तरुण-तरुणी शिक्षणास व नोकरीस तेथें जातात. त्यांनीं प्रसंग घडतांच तारीख, उच्चारलेले शब्द व साक्षीदारांचीं नांवें टिपून ठेवावींत, पत्रें जपावींत. मारहाण वा धमकी असल्यास पोलिसांस कळवावें. ‘सिटिझन्स अॅडव्हाइस’ ही संस्था विनामूल्य सल्ला देते. नोकरीच्या तंट्यांत दाव्यापूर्वीं ‘एकॅस’ या समेट घडविणाऱ्या संस्थेस कळवावें लागतें. दाव्याची मुदत वर्षांत नव्हे, महिन्यांत मोजतात. तेव्हां विलंब करूं नये.

अपमान निमूटपणें गिळला, तर पुढें येणाऱ्यासही तोच अपमान वाट्यास येतो. ज्यानें वेळेवर तक्रार नोंदविली, त्यानें आपल्यामागून येणाऱ्यांचेंही रक्षण केलें, असें समजावें.