कोर्टाचा हुकूम आणि तलाठ्याची वही



मीरा-भाईंदरमध्ये सात-बाऱ्याची गोष्ट निघाली की ती थेट 1870 सालापर्यंत जाते. खारं पाणी अडवायला बांध घालावेत म्हणून ब्रिटिश सरकारनं रामचंद्र लक्ष्मणजी यांना इथल्या जमिनी 999 वर्षांच्या पट्ट्यानं दिल्या. म्हणजे मुदत संपायला 2869 साल उजाडणार! पुढं इस्टेट इन्व्हेस्टमेंट कंपनी त्या हक्काची दावेदार झाली, आणि सात-बाऱ्यावर नाव कुणाचं, हा वाद पिढ्यान्‌पिढ्या चालला. अशा मुलखात कोर्टातून निकाल आणला तरी काम अर्धंच झालेलं असतं.

कारण निकालाचा कागद आपण होऊन दप्तरी चढत नाही. तलाठ्यानं फेरफाराची नोंद धरायची, हितसंबंधितांना नोटीस काढायची, मंडळ अधिकाऱ्यानं ती प्रमाणित करायची. त्यात कुणी हरकत घेतली की सुनावणी. मग ऐकू येतं, "साहेब मीटिंगला गेलेत", "वरून मार्गदर्शन मागवलंय."

इथं माणूस अवमान याचिकेकडं वळतो. पण 1971 च्या न्यायालय अवमान कायद्यात दिवाणी अवमान म्हणजे आदेशाचा जाणूनबुजून केलेला भंग. नुसत्या दिरंगाईवर शिक्षा होत नाही. म्हणून वकील आधी विचारतात, "पोच आहे का?" निकालाची प्रमाणित प्रत अर्जासोबत देऊन आवक शिक्का घेतला असेल, तर आदेश ठाऊकच नव्हता असं कचेरीला म्हणता येत नाही. "आम्ही अपील केलंय" हेही उत्तर पुरत नाही. स्थगिती नसेल तर आदेश पाळावाच लागतो. आणि एक वर्षाच्या आत दाद मागावी लागते. खेटे घालण्यातच ते वर्ष निघून गेलेली माणसं थोडी नाहीत.

शिक्षा जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद किंवा 2000 रुपये दंड, किंवा दोन्ही. दंड आज हास्यास्पद वाटतो, कैद नाही. 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं महाराष्ट्राचे तेव्हाचे मंत्री स्वरूपसिंह नाईक यांना अवमानासाठी महिनाभर तुरुंगात पाठवलं होतं. प्रकरण लाकूड कारखान्यांच्या परवान्यांचं होतं, जमिनीचं नव्हतं. पण मंत्र्यालाही सुटका नाही, हे साऱ्या कचेऱ्यांना कळलं.

एरवी बहुतेक प्रकरणं तुरुंगापर्यंत जातच नाहीत. तारखेच्या आदल्या दिवशी फेरफार मंजूर होतो, सकाळी बिनशर्त माफीचं प्रतिज्ञापत्र येतं, सोबत नव्या सात-बाऱ्याची प्रत, आणि याचिका निकाली निघते.