मदत हवी, कीव नको
(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गातील भाषण)



अभ्यासवर्गात सिनेमाचं काय काम, असं काहीजणींना वाटेल. पण आपल्याच कामातला एक अवघड प्रश्न मला सई परांजपे यांच्या सिनेमाने दाखवला, म्हणून आज त्यांच्याबद्दल बोलते.

सईंचा जन्म १९३८ चा. आईवडील विभक्त झाले आणि आई शकुंतला परांजपे यांनी मुलीला वाढवलं. संततिनियमन हा शब्द उच्चारणंही असभ्य समजलं जाई, त्या काळात शकुंतलाबाई त्याचा प्रचार करत होत्या. त्यांची ही मुलगी पुणे आकाशवाणी, दिल्लीचं राष्ट्रीय नाट्य विद्यालय आणि दूरदर्शन असा प्रवास करत सिनेमाकडे आली. सिनेमा दिग्दर्शित करणाऱ्या बायका तेव्हा बोटांवर मोजण्याइतक्या. त्यातही सई पटकथा स्वतः लिहीत. गोष्ट कुणाच्या नजरेतून सांगायची, हे त्यामुळे त्यांच्या हातात राहिलं.

‘स्पर्श’च्या (१९८०) पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. अंध मुलांच्या शाळेचे मुख्याध्यापक अनिरुद्ध स्वतः अंध आहेत. कविता ही तरुण विधवा तिथे शिकवायला येते. त्यांच्या खोलीत कॉफीच्या वेळी ती मदतीला पुढे सरसावते आणि ते चिडतात. यजमान ते आहेत ना! पुढे दोघांचं लग्न ठरतं. पण ही आपल्यासाठी त्याग करते आहे, या शंकेने ते मोडतं. कविताचा हेतू चांगलाच होता. तरी समोरच्याला कीव टोचते, हे सईंनी दाखवलं.

त्यांच्या सिनेमातल्या बायका रडत बसत नाहीत. ‘चश्मेबद्दूर’मधली (१९८१) नेहा दारोदार साबणाची पावडर विकते, गाणंही शिकते. ‘अडोस पडोस’, ‘छोटे बडे’ या मालिकांमधून सई घरोघरी पोचल्या. ‘चूडियाँ’ हा त्यांचा लघुपट महाराष्ट्रातल्या एका गावातल्या दारूविरोधी आंदोलनावर आहे; १९९३ साली त्यालाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ‘बांगड्या भरा’ हा टोमणा आपण आयुष्यभर ऐकतो. दारूच्या गुत्त्यासमोर उभं राहायला बांगड्यांचे हात पुढे येतात, हेही आपणच पाहिलं आहे.

आता आपल्याकडे वळते. केंद्रात मार खाऊन आलेली बाई बसते. तिचा अर्ज आपण लिहितो, नवऱ्याशी आपण बोलतो, तिने परत जायचं की नाही हेही कधीकधी आपणच ठरवून टाकतो. मग ती पुन्हा आली नाही की म्हणतो, “हिच्यासाठी एवढं केलं!” अशा वेळी मला ती कॉफी आठवते. बाईला आपला आधार हवा आहे, पण तिच्या गोष्टीची पटकथा तिलाच लिहू द्या.

पुढच्या बैठकीत आपण ‘स्पर्श’ एकत्र पाहू. त्यानंतर मात्र मी बोलणार नाही, तुम्ही बोलायचं.